कारण नोंदलेले नाही

राजूरच्या गणरायाला प्रथम वंदन करतो, आणि आज ज्यांचे पूजन घरोघरी होते त्या भगवान धन्वंतरींच्या चरणी मस्तक ठेवून लेखणी हाती घेतो. आज धनत्रयोदशी. आरोग्याच्या देवतेच्या दिवशी आपल्या शरीराविषयी थोडे लिहिणे अनुचित ठरणार नाही, असे वाटले. विषय लहान आहे: माझी कंबर, आणि तिला मिळालेला एक आकडा.

मी आयुष्यभर संस्कृत शिकवले. परतूर तालुक्यातील आष्टीच्या शाळेत माझी बहुतेक नोकरी झाली. निवृत्तीनंतर जालन्यास, मस्तगडातील आमच्या घरी येऊन राहिलो. घरी मी, माझी पत्नी, मुलगा आणि सूनबाई असे चौघे आहोत. देवपूजा माझ्याकडे आहे. वडिलांनंतर ती थोरल्या बंधूंकडे गेली, आणि बंधूंकडून माझ्याकडे ज्या रीतीने आली, ते मी विसरू शकलेलो नाही. त्यांचे गुडघे धरले. डॉक्टरांनी सांगितले, जमिनीवर बसायचे नाही. दुसऱ्या दिवसापासून पूजेला मी बसू लागलो आणि ते दाराजवळच्या खुर्चीत बसून पाहू लागले. त्यांना काय वाटते हे कोणी विचारले नाही, मीही नाही. मी घंटा वाजवू लागलो की त्यांचा डावा हात मांडीवर किंचित हलत असे. पुढे पुढे ते पूजेच्या वेळी अंगणात जाऊन बसू लागले, ते अखेरपर्यंत.

गेल्या मार्गशीर्षात माझी कंबर दुखू लागली, तेव्हा दुखण्यापेक्षा मला त्या खुर्चीचेच भय अधिक वाटले.

प्रारंभी मी कोणाला सांगितले नाही. पूजेवरून उठताना भिंतीचा आधार घेऊ लागलो, आणि तो आधार नसून भिंतीवरचे जाळे पाहत आहे असे भासवू लागलो. पत्नीने चार दिवस हे पाहिले. पाचव्या दिवशी ती म्हणाली, "अहो, त्या भिंतीवर जाळं न्हाई. मी कालच झाडली. कंबर दुखून राह्यली म्हणा की सरळ."

मुलगा मला डॉक्टरांकडे घेऊन गेला. हे डॉक्टर आष्टीला माझ्या वर्गात होते. आता त्यांचेच केस पिकले आहेत, तरी मला पाहताच खुर्चीवरून उठून उभे राहतात. त्यांनी मला पालथे निजवले, पाय उचलून पाहिले, गुडघ्यावर छोटी हातोडी मारून पाहिली, एमआरआय काढवून घेतला. तो नीट निरखून म्हणाले, "सर, नस कुठं दबलेली नाही. मणका जागेवर आहे. तुमच्या वयाला हे बिलकुल चांगलं आहे." मग कागद पुढे ओढून त्यांनी विचारले, "वजन वगैरे उचलता का काही?"

मी म्हणालो, "नाही."

त्यांनी तसे लिहिले. आपले गुरुजी असत्य बोलतील हा विचारही त्यांच्या मनात आला नसेल.

येथे मला आमच्या पाण्याची व्यवस्था सांगणे भाग आहे. जालन्यात नळाला पाणी किती दिवसांनी येईल याचा नेम नसतो; आले की सारी गल्ली पिंपे भरून ठेवते. ते साठवणीचे पाणी स्वयंपाकाला चालते, परंतु देवाला शिळे पाणी आम्ही घालत नाही. आमच्या गल्लीच्या टोकाला मारुतीच्या मंदिरामागे आड आहे. पहाटे स्नान करून, सोवळे नेसून, कोणाला न शिवता मी त्या आडाचे पाणी शेंदतो आणि पितळी घागर भरून खांद्यावर घेऊन येतो. घागर काठोकाठ भरलेली असली पाहिजे. अर्धी घागर देवघरात आणायची नाही, ही आमच्या घरची रीत. वडिलांनी ती पाळली, बंधूंनी पाळली, मी पाळतो.

मग डॉक्टरांना 'नाही' का म्हणालो? त्या क्षणी मी मनाशी असा युक्तिवाद केला की, प्रश्न वजनाचा आहे. घागर हे वजन नव्हे, ती सेवा आहे. देवाच्या सेवेने देह दुखतो असे म्हणणे हा सेवेवर आळ घेणे होय. आयुष्यभर विद्यार्थ्यांना हेत्वाभास समजावून सांगणाऱ्या माणसाने स्वतःपुरता एक हेत्वाभास रचला आणि त्याला भक्तीचे नाव दिले. त्यामागचे खरे कारण लहान होते. घागर सांगितली तर ती बंद होईल, तिच्यामागून बसणे बंद होईल, आणि मग दाराजवळची खुर्ची.

औषधे घेतली. पोट बिघडले, कंबर आहे तशीच राहिली. कागदावर इंग्रजीत लिहिले होते, त्याचा अर्थ मुलाने सांगितला: कंबरेच्या खालच्या भागातील दुखणे, विशिष्ट कारण आढळले नाही. हे वाचून मला दोन शंका आल्या. एक, माझे दुखणे डॉक्टरांना खरे वाटलेले नाही. दुसरी, त्यांना काही भयंकर दिसले असून ते माझ्यापासून लपवले जात आहे. या दोन्ही शंका एकाच वेळी खऱ्या असू शकत नाहीत, हे मला दिसत होते. तरी दोन्ही मनात सुखाने नांदत होत्या.

आमच्या सूनबाई घरीच बसून रुग्णालयांच्या नोंदी वाचण्याचे काम करतात. परदेशातील डॉक्टर रुग्णाविषयी जे लिहितात ते वाचायचे आणि प्रत्येक रोगाला, प्रत्येक लक्षणाला ठरलेला सांकेतिक आकडा द्यायचा. देवघराला लागून त्यांची खोली आहे. काम चालू असताना त्या खोलीत कोणी जात नाही. लोकांची दुखणी बाहेर दिसू नयेत म्हणून त्या संगणकाच्या पडद्याची बाजू भिंतीकडे ठेवतात. पत्नी म्हणते, "एक सोवळं पुरत नव्हतं घरात, आता हे संगणकाचं दुसरं." मला मात्र त्यांचे ते सोवळे पहिल्यापासून आवडले आहे.

माघात एका दुपारी त्यांचे काम संपल्यावर मी माझा कागद घेऊन त्यांच्या दाराशी गेलो.

"सूनबाई, हा कागद तुमच्याकडे कामात आला असता तर माझ्या कंबरेला कोणता आकडा मिळाला असता?"

त्यांनी कागद हातात घेतला आणि उभ्याउभ्याच सांगितले, "एम, चोपन्न, मग टिंब, मग पाच आणि शून्य."

"पाहिल्याशिवाय?"

"बाबा, हा आकडा मी दिवसातून इतक्यांदा देते की पाहावं लागत न्हाई."

मी बसलो. त्यांनी मला एकेक पायरी उलगडून दाखवली. एम म्हणजे हाडे, सांधे आणि स्नायूंचा अध्याय. चोपन्न म्हणजे पाठीचे दुखणे. पाच म्हणजे त्यातही कंबर. काही वर्षांपूर्वीपर्यंत आकडा पाचावरच थांबत असे. मग जाणकारांनी आणखी एक स्थान जोडले आणि कंबरदुखीचे पोटभेद केले. त्या पोटभेदांत कारण कोठेच नमूद नसेल, तर शेवटी शून्य.

अध्याय, प्रकरण, भेद, उपभेद. मी जन्मभर ज्या ग्रंथांत वावरलो त्यांची रचना याहून वेगळी नाही. माझी कंबर कोणीतरी इतक्या नीटपणे मांडलेल्या व्यवस्थेत बसते, याचे मला नकळत समाधान वाटले. तरी ते शून्य बोचत होते.

"म्हणजे ज्यांचं काही निदान होत नाही, त्यांची ही अडगळ?"

"अडगळ न्हाई, बाबा." त्या हसल्या. "आम्हाला एक नियम आहे. डॉक्टरांनी 'असावं', 'संशय आहे', 'शक्यता वाटते' असं लिहिलं, तर बाहेरून येऊन तपासून जाणाऱ्या रुग्णाला त्या रोगाचा आकडा देता येत न्हाई. जेवढं नक्की कळलंय तेवढंच धरायचं. तुमची कंबर दुखती, हे नक्की. का दुखती, हे नक्की न्हाई. म्हणून शून्य. त्या शून्यात तुमचं दुखणं खोटं आहे असं कुठं लिहिलंय?"

संशय आणि निर्णय यांत अंतर ठेवावे, हे मी किती वर्गांना शिकवले याची गणती नाही. ते घरातच, माझ्या सुनेच्या कामात, रोज इतक्या काटेकोरपणे पाळले जाते हे मला ठाऊक नव्हते. माझ्या दोन्ही शंका त्या दुपारी गेल्या. डॉक्टरांना जेवढे ठाऊक होते तेवढेच त्यांनी लिहिले होते, त्याहून कमी नाही आणि अधिक नाही.

सूनबाई कागद परत देताना एका ओळीवर थांबल्या. ती ओळ त्यांनी मराठीत वाचून दाखवली: "रुग्ण वजन उचलत असल्याचे नाकारतात."

इतकेच वाचले. रोज पहाटे घागर घेऊन येताना त्या मला पाहतात. त्यांनी कागदाची घडी घालून माझ्या हाती दिली.

दुसऱ्या दिवशी माझ्या पोथीजवळ एक अर्धा कागद ठेवलेला दिसला. अक्षर सूनबाईंचे होते.

"नोंदीत 'वजन उचलत नाही' असे आहे. रुग्णाच्या पहाटेच्या दिनक्रमाविषयी नोंदीत माहिती नाही. कृपया एक पर्याय निवडावा. १) नोंद पूर्ण आहे. २) नोंदीत भर घालायची आहे, ती खाली लिहावी. ३) इतर. ४) सांगता येत नाही."

मी तो कागद घेऊन स्वयंपाकघरात गेलो. त्या भाजी निवडत होत्या.

"हे काय आहे, सूनबाई?"

"आमच्याकडं नोंद अपुरी वाटली की डॉक्टरांना असा प्रश्न पाठवावा लागतो. आपल्या मनानं भर घालता येत न्हाई."

"पण तुम्हाला उत्तर ठाऊक आहे. मग सरळ तेच का विचारलं नाही?"

"तसा नियम न्हाई. प्रश्नात उत्तर सुचवायचं नसतं. मी 'घागर' लिहिलं असतं तर ते माझं उत्तर झालं असतं, तुमचं न्हाई."

पत्नी चुलीपाशी होती, ती मागे न वळता म्हणाली, "मी असते तर घागरीचं चित्रच काढलं असतं."

तो अर्धा कागद दोन दिवस माझ्यापाशी होता. चौथ्या पर्यायाचा मोह फार झाला. 'सांगता येत नाही' हे उत्तर किती सोयीचे आहे! परंतु ते खरे नव्हते. मला सांगता येत होते, सांगायचे नव्हते. पहिला पर्याय तर सरळ असत्य होता, आणि त्यावर खूण करायची म्हणजे ते दुसऱ्यांदा बोलणे, तेही लेखी.

तिसऱ्या दिवशी पहाटे मी घागर घेऊन येत असता जाफराबादकडचे आमचे दूधवाले दाराशी भेटले. त्यांच्या घरी पिढ्यान्‌पिढ्या मेंढरे, आता म्हशी. एरवी ते मला शिवू नये म्हणून बाजूला होतात. त्या दिवशी माझा तोल किंचित गेला, आणि त्यांनी क्षणभरही विचार न करता घागर वरचेवर धरली. मग स्वतःच ओशाळले.

"माफ करा गुरुजी, इटाळलं तुमचं पाणी." असे म्हणत त्यांनी घागर अलगद ओट्यावर टेकवली आणि हात झटकले. "पर एक इचारू का? हे रोज उचलून राह्यलात तुमी? माझ्या दुधाच्या कॅनपेक्षा जड हाय ही. मी कॅन मोटारसायकलीला लावतो, खांद्यावर न्हाई घेत. म्हैस बी इतका हट्ट करीत न्हाई."

मी त्यांना म्हणालो की पाणी विटाळले नाही, पडणाऱ्या म्हाताऱ्याला सावरणे हे पुण्यच आहे. ते पाणी मी देवाला घातले. तसे करताना मन जराही कचरले नाही, याचे माझे मलाच आश्चर्य वाटले. पूजेनंतर मी त्या अर्ध्या कागदावर दुसऱ्या पर्यायापुढे खूण केली आणि खाली लिहिले: "रोज पहाटे पाण्याने भरलेली पितळी घागर सुमारे दीडशे पावले खांद्यावरून आणतो. त्यानंतर दोन तास जमिनीवर एका आसनात बसतो. हे मी डॉक्टरांपासून लपवले. कारण: पूजा बंद होण्याचे भय."

सूनबाईंनी कागद वाचला आणि घडी करून परत दिला. "हा मला न्हाई, डॉक्टरांना द्या," एवढेच म्हणाल्या.

डॉक्टरांपुढे तो कागद मी वर्गात चूक कबूल करणाऱ्या मुलासारखा उभ्यानेच ठेवला. त्यांनी दोनदा वाचला. रागावले नाहीत. टेबलाखालचा औषधांचा खोका बाहेर काढून जमिनीवर ठेवला.

"सर, ही घागर समजा. उचलून दाखवा."

मी वाकलो.

"थांबा. गुडघे ताठ ठेवून वाकलात, आणि वाकल्यावाकल्याच वळलात. रोज असंच?"

"रोज असेच."

"आणि दोन तासांत मधी उठता?"

"आसन मोडत नाही."

ते काही वेळ लिहीत राहिले. मला राहवेना. मी विचारले, "मग पूजा आता बंद करावी लागेल का?"

त्यांनी पेन खाली ठेवले. "सर, तुम्ही पूजा करता हेच मला ठाऊक नव्हतं, तर ती बंद कशी करणार? उलट बरंच झालं. रोज न चुकता एक काम करणारा माणूस मिळाला. मी सांगेन तो व्यायाम तुम्ही सोडणार नाही, याची मला खात्री आहे. बाकीच्यांना सांगून सांगून मी थकलो."

त्यांनी चार व्यायाम दाखवले. कंबर दुखते म्हणून निजून राहायचे नाही, चालायचे, हे बजावले. जमिनीऐवजी उंच बैठकीवर बसायचे, मध्ये मध्ये उठायचे. घागर अर्धी भरायची.

"अर्धी नाही," मी म्हणालो. "आमच्याकडे अर्धे भांडे देवघरात नेत नाहीत."

हे त्यांना नवे होते. त्यांनी विचार केला. "मग लहान भांडं पूर्ण भरलं तर चालतं?"

याचा मी कधी विचारच केला नव्हता. घरी येऊन पत्नीला सांगितले. ती माळ्याकडे बोट दाखवून म्हणाली, "माझ्या लग्नातल्या दोन कळशा वर पडून आहेत. काठोकाठ भरा आणि दोनदा आणा. देवाला घाई न्हाई. तुम्हालाच होती."

बसण्याचा प्रश्न अधिक अवघड होता. बैठकीवर बसायचे तर पूजकाचे आसन देवापेक्षा उंच होते, आणि ते शिष्टसंमत नाही. तोडगा सूनबाईंनी काढला. त्यांनी गल्लीतल्या सुताराला बोलावून देव्हाऱ्याखाली दोन हात उंचीचा लाकडी कट्टा करून घेतला. देव वर गेले, आणि त्यांच्या खालोखाल मलाही उंच बसता येऊ लागले. आता मी एका लहान बैठकीवर बसतो, पाय खाली सोडतो, आणि पोथीच्या प्रत्येक अध्यायानंतर उठून एक प्रदक्षिणा घालतो. ती प्रदक्षिणा व्यायामात गणली जाते असे डॉक्टर म्हणतात.

चैत्र गेला, वैशाख गेला. दुखणे ओसरू लागले. ज्येष्ठात पुन्हा दाखवून आलो आणि नवा कागद घेऊन सूनबाईंकडे गेलो.

"आता आकडा कोणता?"

त्यांनी वाचले. या वेळी नीट वाचले. "तोच. एम चोपन्न, टिंब, पाच, शून्य."

"घागर सांगितली, आसन सांगितले, तरी शून्यच?"

"घागरीमुळंच दुखलं असं डॉक्टरांनी लिहिलेलं न्हाई. त्यांनी लिहिलंय, घागर उचलत होते. आता कळशी उचलतात. दुखणं कमी आहे. ओझ्यानं दुखलं तर त्याचा आकडा वेगळा आहे, बाबा, पण तसं त्यांनी म्हटलेलं न्हाई. आणि ते म्हटल्याशिवाय मी..."

"तुम्ही देणार नाही," मी म्हणालो. "बरोबर आहे. देऊ नका."

मला ते खरोखरच बरोबर वाटले. ईश्वराने जेवढे दाखवले तेवढे लिहिले गेले. उरलेली जागा रिकामी ठेवण्यात कोणाचा अपमान नाही.

श्रावणात एका सोमवारी पहाटे कंबर पुन्हा धरली. मी बैठकीवर कसाबसा बसलो, परंतु पुढे वाकून अभिषेकाची धार धरता येईना. पूर्वी मी दात आवळून रेटले असते. त्या दिवशी मी सूनबाईंना हाक मारली. त्या नुकत्याच न्हाऊन आल्या होत्या.

"तुम्ही धार धरा. मी मंत्र म्हणतो."

"मी चालते का, बाबा?"

"तुम्ही चालत नाही असं कोणी लिहिलंय का?" मी म्हणालो, आणि आतून पत्नी हसल्याचे ऐकू आले.

त्यांनी कळशी उचलली. वाकताना गुडघे वाकवले, हे माझ्या लक्षात आले. धार बारीक आणि अखंड होती. एकदाही तुटली नाही. मी म्हणत राहिलो. मध्येच मला बंधूंची आठवण झाली. त्यांच्या मुखात मंत्र होते, आणि आम्ही त्यांच्या गुडघ्यांबरोबर त्यांची वाणीही खुर्चीत बसवली होती. कोणी त्यांना एवढेच म्हटले असते की, तुम्ही म्हणा, आम्ही हात लावतो, तर ते अंगणात जाऊन बसले नसते. हे शल्य मी त्या दिवशी देवापुढे ठेवले.

तेव्हापासून दर सोमवारी धार सूनबाई धरतात. कंबर बरी असली तरी. त्यांना मंत्रांची संथा देण्यास आरंभ केला आहे; उच्चार स्वच्छ आहेत, आणि ठाऊक नसलेला शब्द त्या अंदाजाने म्हणत नाहीत, थांबून विचारतात. असा विद्यार्थी मला आष्टीलाही क्वचितच मिळाला.

हे वाचणाऱ्या आपणांस आणि आपल्या घरातील लहानथोरांस भगवान धन्वंतरी दृढ आरोग्य देवोत. ज्यांच्या दुखण्याला नाव मिळाले आहे त्यांना उतार पडो. ज्यांच्या दुखण्याला अद्याप नाव नाही, त्यांच्या घरात त्यांचे बोलणे ऐकून घेणारे कोणीतरी असो. आपल्या हातची सेवा दीर्घकाळ आपल्या हाती राहो, आणि ती वाटून घेणारे हात आपल्याच उंबऱ्याच्या आत सापडोत. शुभं भवतु.